आमचा किल्ला आणि राणीचं माहेर

किल्ला म्हटलं की माणूस आपोआप मान वर करतो. डोंगर असणार, त्याच्यावर तट असणार, चढताना धाप लागणार, हे गृहीतच असतं. पारोळ्याला येणाऱ्या पाहुण्याची इथेच फसगत होते. तो विचारतो, “किल्ला कुठल्या डोंगरावर?” आम्ही म्हणतो, “बाजारात.”

आमच्याकडे डोंगर नाही. उत्तरेला तापीपलीकडे सातपुडा, दक्षिणेला अजिंठ्या-सातमाळ्याच्या रांगा, आणि मधला सगळा मुलूख सपाट, काळ्या मातीचा, कपाशीचा. धुळ्याकडून येताना लळिंगचा किल्ला डोंगरमाथ्यावर दिसतो, तसा पारोळ्याचा लांबून दिसत नाही. सुरतेहून नागपूरकडे जाणारा हमरस्ता गावावरून जातो. रोज हजारो गाड्या जातात, पण शंभर-दीडशे पावलांवर एवढा मोठा तट उभा आहे हे गाडीतल्या माणसाला कळतही नाही. बाजारपेठेतून, दुकानांच्या आणि गाड्यांच्या गर्दीतून आत शिरावं, तेव्हा अचानक दोन भरभक्कम बुरुज समोर येतात.

भुईकोट म्हणजे जमिनीवरचा किल्ला. डोंगरी किल्ल्याचं अर्धं काम डोंगरच करतो. कडा असतो, चढ असतो, शत्रू वर येईपर्यंत दमतो. भुईवर हे सगळं माणसाला हातानं करावं लागतं. कड्याच्या जागी खंदक खणायचा, चढाच्या जागी तट उभा करायचा, आणि वाट अडवायला काढता-घालता येणारा पूल ठेवायचा. पारोळ्याच्या किल्ल्यात हे तिन्ही होतं. लांबी साधारण १६० मीटर, रुंदी साधारण १३० मीटर. भोवती दगडानं बांधलेला खंदक, लगत तळं. दरवाजा बुरुजांच्या कुशीत असा दडवलेला की समोरून हत्तीला धावत येऊन धडक देता येऊ नये. तटाला बंदुकीसाठी जंग्या. आत विहिरी, पडक्या वाड्यांची जोती आणि महादेवाचं देऊळ.

मुंबई सरकारनं १८८० साली खानदेशाचं गॅझेटियर छापलं. त्यात पारोळ्यावर थोडकाच मजकूर आहे, पण त्या थोडक्यात आमच्या गावाची सव्वाशे-दीडशे वर्षं बसवली आहेत. त्यात लिहिलंय की हरी सदाशिव दामोदर नावाच्या जहागीरदारानं पन्नास घरांच्या खेड्याचं तटबंद शहर केलं आणि १७२७ साली हा किल्ला बांधला. खानदेशातल्या या जातीच्या बांधकामाचा हा उत्तम नमुना म्हणावा, अशी इंग्रज लेखकाची कबुलीही आहे. जो किल्ला त्यांच्याच सरकारनं वीस वर्षांपूर्वी मोडला होता, त्याची ही तारीफ. ती वाचताना मला नेहमी जरा चमत्कारिक वाटतं.

१७२७ म्हणजे थोरल्या बाजीरावाचा काळ. पुढच्याच वर्षी पालखेडला त्यानं निजामाला कोंडीत धरलं. खानदेश तेव्हा कुणा एकाचा नव्हता. निजाम होता, मराठे होते, जुने मोगली अंमलदार होते. १७५२ च्या भालकीच्या तहानंतर हा मुलूख बराचसा मराठ्यांकडे आला. सुरत आणि बऱ्हाणपूर यांच्यामधला हा पट्टा, त्यामुळे माल येणार, पैसा येणार, आणि त्यामागून लुटारूही येणार. अशा ठिकाणी पेठ वसवायची तर व्यापाऱ्याला आधी रात्रीची झोप द्यावी लागते. पारोळ्याचा किल्ला मला त्या अर्थानं पेठेचा किल्ला वाटतो. राज्य जिंकायला निघालेल्या माणसाचं ते बांधकाम दिसत नाही. आपल्या गावाला दार लावून घेणाऱ्या माणसाचं ते काम आहे.

आणि त्या दाराची गरज पुढं चांगलीच लागली. १८०३-०४ चा दुष्काळ खानदेशात अजून म्हाताऱ्यांच्या बोलण्यात येतो, इतका तो भयंकर होता. एकीकडे होळकरांच्या फौजांची धामधूम, दुसरीकडे पाऊस नाही, वर पेंढाऱ्यांच्या धाडी. गावंच्या गावं ओस पडली. शेताच्या जागी झाडी वाढली. ज्या गावांना भिंत होती त्या गावांत माणूस तगला. आमच्याकडच्या कितीतरी गावांना गढ्या आहेत. आज मातीचे ढिगारे दिसतात, पण एके काळी सांजेला त्या गढीचा दरवाजा लागला की आतल्या आईनं लेकराला पोटाशी धरून निवांत श्वास घेतला असेल.

मग १८१८ आलं. पेशवाई बुडाली. त्याआधी महिदपूरला होळकर हरले होते, आणि मंदसोरच्या तहात त्यांनी खानदेशातला आपला मुलूख इंग्रजांना सोडला होता. तो ताब्यात घ्यायला सर थॉमस हिस्लॉप फौजेसह तापीकाठच्या थाळनेरला आला. फेब्रुवारीचे शेवटचे दिवस होते. तिथल्या किल्लेदाराचं नाव तुळशीराम. दरवाजाशी बोलणी चालू असताना झटापट झाली, इंग्रजांचे अधिकारी मेले, आणि मग आतल्या अरब शिबंदीची सरसकट कत्तल झाली. तुळशीरामाला तिथंच फासावर चढवलं. हे प्रकरण इतकं गाजलं की विलायतेच्या पार्लमेंटातही त्यावर चर्चा झाली. पुढं मालेगावच्या अरबांनी महिनाभर किल्ला लढवला आणि जूनमध्ये तोही पडला. डोंगरी किल्ले तर एकामागून एक गेले. राजदेहेर गेला, त्र्यंबक गेला, आणि त्यांच्या धाकानं बाकीच्यांनी दरवाजे उघडले. परत कुणी वर जाऊन बसू नये म्हणून इंग्रजांनी बऱ्याच किल्ल्यांच्या पायऱ्या सुरुंगानं उडवल्या, वाटा तोडल्या.

पारोळ्याचा किल्ला या लाटेतून वाचला. इथं जहागीरदार होते, त्यांची जहागीर कायम राहिली. धुळ्याला कॅप्टन जॉन ब्रिग्ज हा खानदेशचा पोलिटिकल एजंट म्हणून बसला. हा तोच ब्रिग्ज, ज्यानं फिरिश्त्याचा फारसी इतिहास इंग्रजीत आणला. माणूस अभ्यासू होता, पण राज्य करायला आला होता. १८२१ साली पारोळ्यात त्याच्या खुनाचा प्रयत्न झाल्याची नोंद गॅझेटियरात आहे. त्या नोंदीवरून एवढं खचित दिसतं की तीन वर्षांत आमच्या भागाची समजूत पटलेली नव्हती. वरून शांतता, आत धग.

पण किल्ला गेला तो या कुठल्याच कारणानं नाही. तो गेला झाशीपायी. इथं मला जरा लांबून यावं लागेल.

आमच्या गावात कुणालाही विचारा, “हा किल्ला कुणाचा?” उत्तर ठरलेलं. “झाशीच्या राणीचा. पारोळं राणीचं माहेर.” शाळेतलं पोरगं सांगेल, चहाच्या टपरीवरचा सांगेल, बालाजीच्या रथाला आलेला पाहुणाही हेच ऐकून घरी जाईल. मी शाळामास्तर होतो, त्यामुळे हे वाक्य मी मुलांच्या उत्तरपत्रिकेतही वाचलेलं आहे. खरी गोष्ट थोडी वेगळी आहे, आणि माझ्या मते जास्त मोठी आहे.

राणी लक्ष्मीबाई माहेरची तांबे. मणिकर्णिका हे तिचं नाव. तांबे घराणं मूळ साताऱ्याकडच्या वाईचं. वडील मोरोपंत काशीला चिमाजी अप्पांच्या पदरी होते. मुलीचा जन्म काशीचा. आई भागीरथीबाई मुलगी लहान असतानाच गेली. मग बाप-लेक बिठूरला, दुसऱ्या बाजीरावाच्या आश्रयाला आले. मनू वाढली ती तिथं, गंगेकाठी, पुरुषांच्या वाड्यात. १८४२ साली झाशीच्या गंगाधरराव नेवाळकरांशी तिचं लग्न झालं.

पारोळ्याशी संबंध येतो तो या नेवाळकरांचा. हे घराणं मूळ रत्नागिरीकडच्या कोट गावचं. कोकणातून माणसं घाटावर आली, तशी हीही आली, आणि पेशवाईत खानदेशात पारोळ्याला स्थिरावली. त्यांच्यातलेच रघुनाथ हरी पेशव्यांच्या वतीनं झाशीचे सुभेदार झाले. एक शाखा बुंदेलखंडात वाढली, राजपदाला चढली. दुसरी इथं आमच्या काळ्या मातीत जहागिरी सांभाळत राहिली. हरी, सदाशिव, दामोदर ही किल्ला बांधणाऱ्याच्या नावातली तिन्ही नावं झाशीच्या वंशावळीतही पिढ्यान्‌पिढ्या फिरताना दिसतात. म्हणजे हिशेबानं पाहिलं तर पारोळं हे राणीचं सासर ठरतं. चुलतघराणं म्हणा, भाऊबंदकी म्हणा. माहेर काही नव्हे.

आता भाऊबंदकी म्हटली की खेड्यातल्या माणसाला पुढचं सांगावं लागत नाही. बांधावरून, वाटणीवरून, दत्तकावरून जे काही होतं ते आम्ही घरोघर पाहिलंय. राजाच्या घरातही तेच होतं, फक्त बांधाच्या जागी संस्थान असतं.

गंगाधररावांना झालेला मुलगा तान्हेपणीच वारला. १८५३ च्या नोव्हेंबरात ते स्वतः अंथरुणाला खिळले. २० तारखेला त्यांनी आपल्याच भाऊबंदांतल्या वासुदेवराव नेवाळकरांचा मुलगा आनंदराव दत्तक घेतला. इंग्रज अधिकारी साक्षीला बोलावले होते. पोराचं नाव दामोदरराव ठेवलं. २१ तारखेला राजा गेला. पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. डलहौसीनं दत्तक नामंजूर केलं, १८५४ मध्ये झाशी खालसा झाली, राणीला किल्ला सोडून गावातल्या वाड्यात राहायला जावं लागलं. लढाईच्या चित्रांत राणीच्या पाठीशी बांधलेलं जे मूल आपण पाहतो, ते हे आनंदराव, म्हणजे पारोळ्याच्या नेवाळकरांच्याच भाऊबंदांतलं पोर. पाठीवरच्या त्या मुलाकडं आपलं लक्ष जात नाही. घोड्याकडं जातं, तलवारीकडं जातं.

पण त्याच भाऊबंदांत दुसराही एक माणूस होता. सदाशिवराव नारायण नेवाळकर, पारोळ्याच्या शाखेतला. झाशीच्या गादीवर आपला हक्क आहे असं त्याचं म्हणणं जुनं होतं. १८५७ च्या जूनमध्ये झाशीत शिपायांनी उठाव केला, इंग्रज मारले गेले, शिपाई दिल्लीकडे निघून गेले आणि झाशीचा कारभार राणीच्या अंगावर येऊन पडला. तिजोरी रिकामी, फौज नाही, भोवती सगळे टपलेले. नेमक्या त्या आठवड्यात या सदाशिवरावानं माणसं जमवून झाशीजवळचा करेऱ्याचा किल्ला घेतला आणि स्वतःला झाशीचा महाराज म्हणवून घेतलं. राणीनं फौज पाठवून त्याला हुसकावलं. पुन्हा डोकं वर काढलं तेव्हा पकडून झाशीच्या किल्ल्यात कैदेत टाकलं. राणीच्या कारकिर्दीतली पहिली लढाई इंग्रजांशी झाली नाही. ती झाली सासरच्या भाऊबंदाशी, पारोळेकराशी.

हे मी गावात सांगितलं की लोक गप्प होतात. एकानं तर मला स्पष्ट म्हटलं, “गुरुजी, हे छापू नका.” मी त्याला म्हटलं, बाबा, आपल्या गावातून तिला दत्तक मुलगाही मिळाला आणि वैरीही मिळाला, नात्यात दोन्ही असतंच. तुझ्या घरात नाही का?

१८५८ उजाडलं. सर ह्यू रोज मार्चमध्ये झाशीवर आला. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात शहर पडलं, राणी रात्रीतून काल्पीकडे निसटली. मोरोपंत जखमी अवस्थेत पकडले गेले आणि त्यांना झाशीत फाशी दिलं. त्याच सुमाराला, ११ एप्रिलला, आमच्या उत्तरेच्या सातपुड्यात आंबापाणीला खाज्या नाईक आणि भीमा नाईक यांच्या भिल्लांशी इंग्रजी फौजेची लढाई झाली. झाशी आणि आंबापाणी यांच्यात एका आठवड्याचं अंतर आहे. शाळेच्या पुस्तकात झाशीला धडा आहे आणि आंबापाणीला एखादी ओळ मिळाली तर मिळाली. खाज्या नाईक आधी इंग्रजांच्या नोकरीत होता, सेंधव्याच्या घाटाची राखण करत होता. त्याच घाटात त्याच्या माणसांनी सरकारी खजिना लुटला. त्याला वगळून खानदेशचं सत्तावन्न सांगता येत नाही.

जूनमध्ये ग्वाल्हेरला राणी पडली. बंड शमलं, आणि मग हिशेब सुरू झाला. पारोळ्याचे जहागीरदार हे झाशीच्या राणीच्या घराण्याची शाखा, आणि ते बंडात सरकारशी इमानानं वागले नाहीत, असा ठपका ठेवून १८५९ साली जहागीर जप्त झाली, शहर सरकारनं ताब्यात घेतलं आणि किल्ला मोडून टाकला. गॅझेटियरात ही हकीकत एक-दोन वाक्यांत उरकली आहे. ना वेढा, ना तोफा, ना तुळशीरामासारखा कुणी किल्लेदार. एक हुकूम निघाला आणि सव्वाशेहून अधिक वर्षं उभा असलेला किल्ला खलास झाला. ज्या नात्यातल्या एका माणसानं राणीला झाशीत सुखानं बसू दिलं नाही, तेच नातं राणीच्या मरणानंतर पारोळ्याला भोवलं. इंग्रजांच्या वहीत रक्ताचं नातं तेवढं लिहिलेलं होतं. त्या नात्यातलं भांडण लिहायला रकाना नव्हता.

किल्ला मोडला म्हणजे तट भुईसपाट केला असं नव्हे. किल्ल्याचं किल्लेपण काढून घेतलं. पूल गेला, वरची बांधकामं गेली, बुरुजाला पहारा उरला नाही. बाकीचं काम पुढच्या पिढ्यांनी केलं. निखळलेला दगड कुणाच्या ओट्याला गेला, कुणाच्या विहिरीला, कुणाच्या गोठ्याच्या उंबऱ्याला. दगडाला आमच्याकडे मान आहे, कारण काळ्या मातीत दगड सहजी मिळत नाही. घडवलेला दगड फुकट पडलेला पाहून शेतकरी माणूस तो तसाच ठेवील, हे होणं नाही. त्याला लूट म्हणायला माझी जीभ धजत नाही. पेठेसाठी बांधलेला किल्ला पेठेत विरून गेला, एवढंच मी म्हणेन.

खंदकाचं मात्र वाईट वाटतं. ज्या खंदकानं गाव राखलं, त्यातच गावानं केरकचरा टाकला. संरक्षित स्मारकाचा फलक आहे. फलकाच्या आडोशाला काय काय होतं ते लिहिण्यासारखं नाही. बाहेरगावची किल्ले पाहणारी तरुण मंडळी येतात, पाठीला पिशव्या, गळ्यात कॅमेरे. ती तटावर चढतात, जंग्या मोजतात, बुरुजाचे फोटो काढतात. कधी त्यांच्यातलंच कुणी विचारतं, “काका, इथं राणी कधी राहिली होती?” तेव्हा आपल्या गावाची बाजू कशी मांडावी, हा प्रश्न पडतो.

बरीच वर्षं मला वाटायचं की ‘माहेर’ ही नुसती चुकीची माहिती आहे. गावात तांबे घराण्याच्या नात्याच्या गोष्टी सांगतात, त्यावरून कुणीतरी जुळवलं असेल, मास्तरानं ते दुरुस्त करावं. असं मी एकदा घरी बोलून दाखवलं. आमच्या आजीला अक्षरओळख नव्हती. आयुष्य शेतात आणि चुलीपुढं गेलेलं. तिनं सगळं ऐकून घेतलं. आई लहानपणी गेली, बाप फासावर गेला, नवरा गेला, पोटचं मूल गेलं, सासरच्या माणसानं गादीवर हक्क सांगितला. मग ती आपल्या अहिराणीत म्हणाली, “तिले माहेर कोठे व्हतं रे भाऊ? मंग आपलंच गाव तिनं माहेर.”

यावर मला बोलता आलं नाही. खानदेशात माहेर या शब्दाचं वजन काय आहे ते आखाजीला कळतं. अक्षय्य तृतीयेला आम्ही आखाजी म्हणतो. उन्हाचा कहर असतो, शेतं मोकळी असतात, आणि सासुरवाशिणी माहेरी येतात. गावोगाव झाडांना झोके बांधतात, गौराई बसते, वर्षभर तोंड दाबून राहिलेल्या पोरी मोकळ्या आवाजात गातात. जिला कुणी आणायला जात नाही, तिच्या डोळ्यांकडं त्या दिवशी बघवत नाही. आखाजीला जिला आणायला भाऊ नाही तिला शेजारचा कुणीतरी भाऊ होऊन आणतो, हेही आमच्याकडे चालत आलेलं आहे. आजीच्या पिढीनं राणीच्या बाबतीत तेच केलं होतं. भाऊबंद म्हणून गावानं जे देणं लागत होतं, ते माहेर होऊन फेडलं.

दामोदररावाची गोष्टही सांगायला हवी. राणी गेल्यावर ते पोर काही विश्वासू माणसांबरोबर रानोमाळ हिंडलं. शेवटी इंग्रजांच्या स्वाधीन झालं आणि इंदूरला नजरेखाली वाढलं. झाशी परत मिळाली नाही, आणि ज्या घराण्यात जन्म झाला त्याचं पारोळंही तोवर खालसा झालेलं होतं. सरकारी तनख्यावर आयुष्य काढून १९०६ साली तो इंदूरलाच वारला. त्याच वर्षी इंग्रजांनी आमच्या खानदेशाचे पूर्व आणि पश्चिम असे दोन तुकडे केले.

आता कुणी विचारलं तर मी दोन्ही सांगतो. कागदानं पारोळं राणीचं सासर आहे, ज्यानं तिला पाठीवर घ्यायला लेकरू दिलं आणि पहिला शत्रूही दिला. गावाच्या तोंडी ते माहेर आहे. कागद खोडायचा नाही आणि गावाचं तोंडही बंद करायचं नाही. पण माहेर म्हणवून घ्यायचं तर त्याची रीत पाळावी लागते. लेक घरी यायची म्हटली की आमच्याकडे अंगण शेणानं सारवतात, ओटा धुतात, दारात पाण्याची कळशी ठेवतात. किल्ल्याच्या खंदकापुढं उभं राहिलं की मला एवढंच म्हणावंसं वाटतं की, लेक आज आखाजीला आली तर तिला या वाटेनं आत कसं न्यायचं?